बदलीचा आदेश हाती पडला. रुजू व्हावे की न्यायाधिकरणात जावे?

एका वाचक भगिनीचे पत्र, थोडक्यात: मी राज्य शासनाच्या एका विभागाच्या लातूर येथील कार्यालयात वरिष्ठ लिपिक आहे. लेखा शाखेत येऊन मला सतरा महिने झाले. सप्टेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात, शुक्रवारी कार्यालय सुटता सुटता, माझी ‘प्रशासकीय कारणास्तव’ किनवट येथे बदली झाल्याचा आदेश हाती देण्यात आला आणि त्याच वेळी मला एकतर्फी कार्यमुक्त करण्यात आले. माझ्या जागी येणाऱ्या गृहस्थांची बदली त्याच आदेशात ‘विनंतीवरून’ झाली आहे. ते अजून रुजू झालेले नाहीत. जुलैमध्ये एका ठेकेदाराच्या देयकात मी त्रुटी काढल्या होत्या. त्यानंतर त्याने माझ्याविरुद्ध उद्धट वागणुकीची तक्रार दिल्याचे कानावर आले, पण मला कोणी खुलासा विचारला नाही. मुलगा दहावीत आहे, सासूबाईंचे डायलिसिस सुरू आहे, यजमान जिल्हा परिषदेत शिक्षक आहेत. कार्यालयातले ज्येष्ठ म्हणतात, आजारपणाची रजा टाकून बसा; भाऊ म्हणतो, आमदारांचे पत्र आणू; मैत्रीण म्हणते, मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जा. सरकारशी भांडून पुढची नोकरी सुखाने होईल का, हीही धास्ती आहे. मी काय करावे?

भगिनी, सप्रेम नमस्कार.

तुमचे पत्र मिळाले त्याच दिवशी तुम्हाला एवढेच कळवले होते की रजा टाकू नका, आमदारांच्या दारात जाऊ नका आणि नव्या गृहस्थांनी रुजू होण्याआधी सेवाविषयक काम करणारा वकील गाठा. त्यामागची कारणे येथे सविस्तर देत आहे, कारण याच स्वरूपाची पत्रे या सदराकडे वरचेवर येतात आणि बहुतेक पत्रांत एकच चूक दिसते. जे दुःख सर्वांत मोठे आहे तेच कायद्याच्या दृष्टीनेही सर्वांत भक्कम असेल, असे गृहीत धरले जाते. तुमच्या पत्रात घरच्या अडचणींना दोन पाने दिलेली आहेत आणि आदेशाच्या मजकुराला चार ओळी. न्यायाधिकरणासमोर हे प्रमाण नेमके उलटे करावे लागेल.

आधी कडू भाग सांगतो. बदली हा शासकीय सेवेचा अंगभूत भाग आहे आणि अमुक एका ठिकाणीच राहण्याचा हक्क कर्मचाऱ्याला नाही, ही सर्वोच्च न्यायालयाची भूमिका अनेक दशके कायम आहे. वरदा राव विरुद्ध कर्नाटक राज्य या १९८६ च्या निकालात ती मांडली गेली. १९९१ च्या शिल्पी बोस विरुद्ध बिहार राज्य या प्रकरणात न्यायालयाने आणखी पुढे जाऊन सांगितले की, बंधनकारक वैधानिक नियमाचा भंग झाला असेल किंवा बदली दुष्ट हेतूने झाली असेल तरच न्यायालयांनी हात घालावा. केवळ प्रशासकीय सूचनांचा भंग झाला असेल तर सामान्यतः न्यायालयात येण्याऐवजी वरिष्ठांकडे दाद मागावी. १९९३ मध्ये केंद्र सरकार विरुद्ध एस. एल. अब्बास या प्रकरणात, पती-पत्नींना शक्यतो एकाच ठिकाणी ठेवावे असे सांगणारी मार्गदर्शक तत्त्वे कर्मचाऱ्याला न्यायालयातून बजावून घेता येईल असा हक्क देत नाहीत, असेही स्पष्ट झाले. ‘पती-पत्नी एकत्रीकरण’ या एकाच मुद्द्यावर स्थगिती मिळेल, असे तुम्हाला कोणी सांगितले असेल तर त्यावर विसंबू नका.

मात्र शिल्पी बोस निकालातील ‘बंधनकारक वैधानिक नियम’ हे शब्द महाराष्ट्रातील राज्य शासकीय कर्मचाऱ्याच्या विशेष उपयोगाचे आहेत. केंद्राच्या बहुतेक खात्यांत आणि अनेक राज्यांत बदल्या धोरणांवर आणि परिपत्रकांवर चालतात. आपल्याकडे विधिमंडळाने त्यासाठी कायदा केलेला आहे. शासकीय कर्मचाऱ्यांच्या बदल्यांचे विनियमन आणि शासकीय कर्तव्ये पार पाडताना होणाऱ्या विलंबास प्रतिबंध करणारा २००५ चा महाराष्ट्र अधिनियम १ जुलै २००६ पासून अमलात आहे. लोकांच्या तोंडी तो ‘बदल्यांचा कायदा’ आहे, आणि त्याच्या उत्तरार्धामुळे ‘दप्तर दिरंगाईचा कायदा’ही. गंमत अशी की, ज्या कार्यालयांत रोज त्याच्या आधारे आदेश निघतात, तेथील कर्मचाऱ्यांपैकी फार थोड्यांनी तो मुळातून वाचलेला असतो. तुम्ही आज रात्रीच वाचा. त्यातील तुमच्या कामाचा भाग तीन-चार पानांचा आहे.

त्यातील कलम ३ गट अ, ब आणि क मधील कर्मचाऱ्याचा एका पदावरील सर्वसाधारण कालावधी तीन वर्षे ठरवते. मंत्रालयाबाहेरील सेवांतील गट क च्या कर्मचाऱ्याला तर त्या कार्यालयात किंवा विभागात असे दोन पूर्ण पदावधी, म्हणजे सर्वसाधारणपणे सहा वर्षे, झाल्यावर दुसरीकडे हलवायचे असते. तुम्ही गट क मध्ये आहात आणि तुमचे सतरा महिने झाले आहेत. कलम ४ नुसार हा कालावधी पूर्ण झाल्याशिवाय सामान्यतः बदली करता येत नाही. दर जानेवारीत बदलीस पात्र कर्मचाऱ्यांची यादी करायची असते आणि बदल्या वर्षातून एकदा, एप्रिल किंवा मे महिन्यात करायच्या असतात. तुमची बदली सप्टेंबरात झाली. म्हणजे ती मुदतपूर्व आहे आणि मध्यावधीही आहे, आणि या दोन्हींसाठी कायद्याने वेगवेगळी दारे ठेवली आहेत.

मध्यावधी बदलीचे दार कलम ४ च्या पोटकलम (४) मध्ये आहे. नवीन निर्माण झालेले पद, किंवा निवृत्ती, पदोन्नती, राजीनामा अशा कारणांनी रिक्त झालेले पद भरायचे असेल, किंवा अपवादात्मक परिस्थिती अथवा विशेष कारणे असतील, तर वर्षात केव्हाही बदली करता येते; मात्र दुसऱ्या प्रकारात ती कारणे लेखी नोंदवावी लागतात आणि लगतच्या वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता घ्यावी लागते. मुदतपूर्व बदलीचे दार पोटकलम (५) मध्ये आहे, आणि तेथेही विशेष प्रकरण, लेखी कारणे आणि कलम ६ च्या तक्त्यातील लगतच्या वरिष्ठ बदली प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यता, या तीन अटी आहेत. गट क साठी सक्षम प्राधिकारी विभागप्रमुख असतो आणि त्याच्या वरच्या रकान्यात, सचिवांशी विचारविनिमय करून निर्णय घेणारे मंत्री. तुमच्या विभागाने आपले अधिकार खालच्या अधिकाऱ्याला सोपवले असतील तर ही शिडी एक पायरी खाली सरकते. त्यामुळे सर्वांत आधी शोधायचे ते हे की, तुमच्या आदेशावर सही कोणी केली, कोणत्या अधिकाराने केली, त्याच्या वरचा अधिकारी कोण आणि त्याने मान्यता कोणत्या दिवशी दिली.

त्या दिवसाला फार महत्त्व आहे. कायद्यात ‘पूर्वमान्यता’ हा शब्द आहे. आदेश आधी काढून नंतर फाईल वर पाठवायची आणि ‘कार्योत्तर मान्यता’ घ्यायची, ही सवय अनेक कार्यालयांत मुरलेली आहे, आणि कर्मचाऱ्याच्या बाजूने लागलेल्या प्रकरणांत बऱ्याचदा हीच तारीख निर्णायक ठरते. शासनातर्फे कितीही जोरदार युक्तिवाद झाला तरी आदेश १२ तारखेचा आणि मान्यतेची सही १५ तारखेची असेल, तर ती मान्यता ‘पूर्व’ कशी, याचे उत्तर देता येत नाही.

आता तुम्ही जोडलेली आदेशाची प्रत घेऊ. ती मी बारकाईने वाचली. वरच्या परिच्छेदात कलम ४(४) आणि ४(५) यांचा उल्लेख आहे आणि ‘सक्षम प्राधिकाऱ्याच्या मान्यतेने’ असे शब्द आहेत. ती मान्यता कोणाची आणि कोणत्या दिनांकाची, हे नाही. खालच्या तक्त्यात पहिल्या क्रमांकावर तुमचे नाव, शेवटच्या रकान्यात ‘प्रशासकीय’. दुसऱ्या क्रमांकावर त्या गृहस्थांचे नाव, बदलीनंतरच्या पदाच्या रकान्यात ‘अ. क्र. १ यांच्या बदलीने रिक्त होणाऱ्या पदावर’, आणि शेवटच्या रकान्यात ‘विनंती’. तळाशी एक ओळ आहे: अनुक्रमांक २ यांना पदग्रहण अवधी व प्रवासभत्ता अनुज्ञेय राहणार नाही. ही ओळ तुमच्या कामाची आहे. विनंतीवरून होणाऱ्या बदलीत हे लाभ, म्हणजे नव्या जागी रुजू होण्यासाठीचे दिवस आणि प्रवासाचा खर्च, दिले जात नाहीत, म्हणून कार्यालयाने ती घातली. पण तिच्यामुळे आदेशानेच कबुली दिल्यासारखे झाले आहे की एका व्यक्तीला तुमची खुर्ची हवी होती आणि तुम्हाला उठवल्याशिवाय ती रिकामी होणार नव्हती. बदलीने रिक्त होणारे पद केव्हाही भरता येते, हे कलम त्यांच्या बाजूने दाखवले जाईल. परंतु ते त्यांच्या येण्याचे समर्थन झाले. तुमच्या जाण्याचे नव्हे. तुमचे पद रिक्त नव्हते. तुम्हाला हलवण्यासाठी स्वतंत्र, तुमच्यापुरते विशेष कारण लागते, आणि ते ‘प्रशासकीय’ या एका शब्दात मावत नाही. मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने किशोर म्हस्के प्रकरणात २०१३ मध्ये नेमके हेच सांगितले आहे: मुदतपूर्व किंवा मध्यावधी बदली करताना अपवादात्मक कारणे लेखी स्वरूपात असली पाहिजेत, आणि ‘प्रशासकीय कारणास्तव’ असा मोघम शब्दप्रयोग कायद्याची पूर्तता ठरत नाही. तुमच्या वकिलांना हा निकाल पाठ असेल. नसेल तर वकील बदलण्याचा विचार करावा, असे मी थोड्या थट्टेने पण मनापासून सांगेन.

एक सावधगिरी मात्र बाळगा. कारणे आदेशातच लिहिलेली असली पाहिजेत असे नाही. ती फाईलवरील टिप्पणीत नोंदवलेली असली तरी चालते. त्यामुळे आदेश कोरा दिसतो म्हणून आपण जिंकलो, असे समजू नका. फाईलमध्ये ठेकेदाराची तक्रार, त्यावरचा कोणाचा तरी अहवाल आणि ‘कार्यालयाची प्रतिमा मलिन होत असल्याने’ असे एखादे वाक्य निघू शकते.

तसे निघाले तर लढत तक्रारीच्या मुद्द्यावर होईल. सामान्य प्रशासन विभागाने ११ फेब्रुवारी २०१५ रोजी दिलेल्या सूचनांनुसार, पदावर तीन वर्षे पूर्ण न झालेल्या कर्मचाऱ्याविरुद्ध गैरवर्तनाची तक्रार आली तर केवळ तक्रारीच्या आधारे बदली करायची नाही. वस्तुस्थितीचा अहवाल मागवायचा, तक्रारीत तथ्य आहे का ते पाहायचे, आणि त्याच पदावर ठेवणे योग्य नाही असे वाटले तर कारणे नोंदवून प्रस्ताव करायचा. या सूचना कायद्याइतक्या बंधनकारक नसल्या, तरी ‘विशेष कारण’ खरेच होते का हे तपासताना न्यायाधिकरण त्यांच्याकडे पाहते. त्याच्या जोडीला सर्वोच्च न्यायालयाचा सोमेश तिवारी विरुद्ध केंद्र सरकार हा निकाल आहे. त्या प्रकरणात एका निनावी तक्रारीवरून अधिकाऱ्याची बदली झाली होती आणि चौकशीत तक्रारीत काही निघाले नव्हते. प्रशासकीय गरज म्हणून बदली करणे वेगळे आणि शिक्षा द्यायची म्हणून बदली करणे वेगळे. शिक्षेच्या ऐवजी काढलेला बदलीचा आदेश टिकत नाही, असे न्यायालयाने म्हटले. तुम्हाला खुलासा विचारला गेला नाही, ही बाब येथे येते. जुलैमधील देयक, तुम्ही काढलेल्या त्रुटींची टिप्पणी, तिचा जावक क्रमांक आणि आदेशाची तारीख, एवढा घटनाक्रम अर्जात कोरडेपणाने मांडावा.

कोरडेपणाने, असे मुद्दाम म्हणतो. तुमच्या पत्रात वरिष्ठ अधिकाऱ्यांविषयी, ते ठेकेदाराला ‘सामील’ आहेत असा शब्द आला आहे. तो अर्जात येऊ देऊ नका. दुष्ट हेतूचा आरोप करणे सोपे आहे, सिद्ध करणे फार कठीण. सर्वोच्च न्यायालयाने रोयप्पा प्रकरणात १९७४ मध्येच त्याचा भार किती जड असतो हे सांगून ठेवले आहे, आणि असा आरोप करायचा तर त्या अधिकाऱ्याला व्यक्तिशः नावाने प्रतिवादी करून तपशीलवार पुरावा द्यावा लागतो. पुरावा तोकडा पडला की न्यायाधिकरणाचे लक्ष त्या आरोपावरच खिळते आणि पूर्वमान्यतेचा तुमचा भक्कम मुद्दा मागे पडतो. शिवाय तुमच्या बाबतीत हेतू सिद्ध करण्याची गरजच नसावी. अटी पाळल्या नाहीत, एवढे दाखवता आले तरी पुरे.

फाईल मिळवायची कशी, हा पुढचा प्रश्न. माहितीच्या अधिकारात बदलीच्या प्रस्तावाची फाईल, टिप्पण्या, तक्रारीची प्रत, नागरी सेवा मंडळापुढे (बदल्यांची शिफारस करणाऱ्या अधिकाऱ्यांच्या समितीपुढे) विषय ठेवला असल्यास त्याचे इतिवृत्त आणि त्या गृहस्थांचा विनंती अर्ज, असे नेमके मागा. ‘माझ्या बदलीसंबंधी सर्व माहिती’ असे मोघम मागू नका. मात्र त्याला तीस दिवस लागू शकतात आणि तुमच्याकडे तेवढा वेळ नाही. अर्ज आजच टाका, पण त्याच्या उत्तरासाठी थांबू नका. न्यायाधिकरण सुनावणीत मूळ फाईल सादर करण्यास सांगू शकते, आणि बदलीच्या प्रकरणांत ते बऱ्याचदा सांगते.

तुमचे न्यायाधिकरण म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, सर्वांच्या तोंडी ‘मॅट’. मुंबईत त्याचे मुख्य पीठ आहे, नागपूर आणि छत्रपती संभाजीनगर येथे खंडपीठे आहेत. लातूरचे प्रकरण छत्रपती संभाजीनगरला जाईल. थेट उच्च न्यायालयात जाता येणार नाही. १९९७ च्या चंद्रकुमार निकालानंतर आधी न्यायाधिकरण आणि तेथील निर्णयाविरुद्ध उच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींच्या पीठापुढे रिट याचिका, हाच क्रम आहे. १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण अधिनियमाच्या कलम १९ खाली मूळ अर्ज करायचा असतो. त्यासाठी एक वर्षाची मुदत आहे, हे ऐकून निर्धास्त राहू नका. मुदत एक वर्षाची असली तरी अंतरिम स्थगितीची खिडकी काही दिवसांचीच असते. आधी उपलब्ध उपाय संपवावेत असे कलम २० म्हणते, म्हणून बदली रद्द करण्याचे निवेदन वरिष्ठांना आजच पाठवून पोच ठेवा, परंतु त्यावर निर्णय होईपर्यंत घरी बसून राहू नका.

स्थगितीबाबत दोन व्यावहारिक गोष्टी. दुसऱ्या बाजूला अर्जाची प्रत देऊन तिचे म्हणणे ऐकल्याशिवाय न्यायाधिकरण सहसा अंतरिम आदेश देत नाही. विशेष कारणासाठी दिलाच, तर तो चौदा दिवसांपलीकडे आपोआप चालत नाही. तेव्हा शासनातर्फे बाजू मांडणाऱ्या मुख्य सादरकर्ता अधिकाऱ्याच्या कार्यालयात प्रत आधीच पोहोचवावी, म्हणजे पहिल्याच तारखेला ‘आम्हाला प्रत मिळालेली नाही’ हे कारण उरत नाही. दुसरे, त्या गृहस्थांना प्रतिवादी करा. तुम्ही जिंकलात तर त्यांची जागा जाणार आहे. त्यांना न ऐकता मिळालेला आदेश पुढे डळमळीत होतो. त्यांनी आधीच कॅव्हेट, म्हणजे ‘मला ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये’ अशी सूचना, दाखल केले आहे का, हेही वकिलांना पाहू द्या. आणि ते अजून रुजू झालेले नाहीत, ही आज तुमच्या हातातली सर्वांत मौल्यवान गोष्ट आहे. एकदा त्यांनी टेबलाचा ताबा घेतला की स्थगिती मिळणे अवघड होत जाते, कारण मग परिस्थिती ‘जैसे थे’ ठेवणे म्हणजे त्यांना ठेवणे, असा अर्थ निघू लागतो. याचा अर्थ त्यानंतर सारे संपले असा नाही. आदेश बेकायदा ठरला तर न्यायाधिकरण मूळ पदावर परत घेण्याचा आदेश देऊ शकते. पण मधले महिने किनवटला जातात.

आता तुमच्या ज्येष्ठ सहकाऱ्यांच्या सल्ल्याकडे वळतो. आजारपणाची रजा टाकून बसा, हा सल्ला आपल्या कार्यालयांत वडीलकीने दिला जातो आणि त्याने अनेकांचे नुकसान केले आहे. तुम्हाला कार्यमुक्त केले आहे. म्हणजे लातूरच्या हजेरीपटावर तुमचे नाव नाही आणि तुमचे अंतिम वेतन प्रमाणपत्र आज ना उद्या किनवटला जाईल. तेथे रुजू झाल्याशिवाय पगार निघणार नाही. रजेचा अर्ज मंजूर करणारे कार्यालय कोणते, यावरच दोन कार्यालयांत पत्रव्यवहार चालेल, वैद्यकीय मंडळाकडे पाठवले जाईल, आणि शेवटी तो काळ अनधिकृत गैरहजेरी ठरवून सेवेत खंड पडण्यापर्यंत वेळ येऊ शकते. गुजरात वीज मंडळ विरुद्ध आत्माराम पोशानी हे १९८९ चे प्रकरण या बाबतीत डोळे उघडणारे आहे. सुरतहून उकाई येथे बदली झाली, कर्मचारी रुजू झाला नाही, निवेदने करत राहिला, आणि मंडळाने त्याची सेवा संपुष्टात आणली. उच्च न्यायालयात त्याला दिलासा मिळाला, पण सर्वोच्च न्यायालयाने मंडळाचा निर्णय कायम केला. बदलीला स्थगिती नसेल तर आदेश पाळावाच लागतो. निवेदन प्रलंबित आहे ही सबब चालत नाही, असे त्यात स्पष्ट म्हटले आहे. म्हणून पदग्रहण अवधी संपण्याच्या आत स्थगिती मिळाली नाही, तर किनवटला जाऊन रुजू व्हा. रुजू अहवालात ‘बदली आदेशाविरुद्धचे माझे सर्व हक्क राखून, हरकतीसह रुजू होत आहे’ असे एक वाक्य लिहा. रुजू झाल्याने तुमचा अर्ज निकामी होत नाही.

भावाच्या सल्ल्याबाबत थोडक्यात. शासकीय कर्मचाऱ्याने सेवाविषयक बाबींत राजकीय दबाव आणणे महाराष्ट्र नागरी सेवा (वर्तणूक) नियम, १९७९ नुसार निषिद्ध आहे. तुमच्या हातात आज स्वच्छ प्रकरण आहे. आमदारांचे पत्र फाईलला लागले की तेच शासनाच्या उत्तरात परिशिष्ट म्हणून तुमच्यासमोर येईल. उलट बाजूनेही भ्रमात राहू नका. त्या गृहस्थांच्या विनंती अर्जाला एखाद्या लोकप्रतिनिधीची शिफारस जोडलेली निघाली, तरी तेवढ्याने आदेश रद्द होईल असे नाही. लोकप्रतिनिधीच्या शिफारशीवरून झालेली बदली केवळ त्या कारणाने अवैध ठरत नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने २००७ मध्ये मोहम्मद मसूद अहमद प्रकरणात सांगितले आहे. ती शिफारस उपयोगी पडेल ती ‘विशेष कारण’ म्हणून दुसरे काहीच नव्हते, हे दाखवण्यापुरती.

घरच्या अडचणी अर्जात घालायच्याच नाहीत, असे मात्र नाही. त्या शेवटी, एका परिच्छेदात, कागदांसह याव्यात. दहावीतल्या मुलाचा मुद्दा तर वेगळ्या पद्धतीने वापरता येतो. मद्रासचे शालेय शिक्षण संचालक विरुद्ध करुप्पा थेवन या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने म्हटले आहे की, सेवेची तातडीची निकड नसेल तर मुलांचे शिक्षण चालू असताना, शैक्षणिक वर्षाच्या मध्यावर बदली करताना या बाबीला योग्य वजन द्यावे. आणि त्या प्रकरणात चालू शैक्षणिक वर्ष संपेपर्यंत बदली अमलात आणू नये, असा आदेश दिला होता. म्हणून मुख्य मागणी आदेश रद्द करण्याची ठेवा आणि पर्यायी मागणी म्हणून, निदान दहावीची परीक्षा होईपर्यंत अंमलबजावणी थांबवावी, असे लिहा. मुलाच्या शाळेचे बोनाफाइड प्रमाणपत्र आणि सासूबाईंच्या डायलिसिस केंद्राचे पत्र जोडा. पती-पत्नींच्या एकत्र राहण्याबाबत २०२२ च्या नौशाद रहमान निकालात सर्वोच्च न्यायालयाने कौटुंबिक जीवनाचा विचार शासनाने धोरण आखताना केला पाहिजे, असे म्हटले आहे. त्याचा उल्लेख जरूर करा, पण त्याच्यावर इमारत उभी करू नका. तुमच्या यजमानांची बदली आपल्याकडे करून घेण्याचा विचार मनात असेल, तर लक्षात घ्या की जिल्हा परिषद शिक्षकांच्या बदल्या ग्रामविकास विभागाच्या वेगळ्या धोरणाने होतात आणि त्यांचे वेळापत्रक तुमच्याशी जुळेलच असे नाही.

पुढच्या नोकरीविषयीची तुमची धास्ती निराधार आहे, असे मी म्हणणार नाही. न्यायाधिकरणात जाणे हे गैरवर्तन नाही आणि त्याची नोंद गोपनीय अहवालात प्रतिकूल म्हणून करता येत नाही, हे खरे. पण कार्यालयातली माणसे ती माणसेच असतात आणि काही महिने बोलणे तुटक होऊ शकते. त्यावर एकच उपाय मला ठाऊक आहे: तोंडी वाद टाळा, जे काही म्हणायचे ते कागदावर म्हणा, पोच घ्या, आणि लेखा शाखेचा कार्यभार सोपवताना प्रत्येक नोंदवहीची यादी करून दोन सह्या घ्या. विशेषतः त्या देयकाची फाईल तुम्ही कोणत्या स्थितीत सोपवली, हे लेखी असू द्या. पुढे एखाद्या चौकशीत तेच कामी येईल.

याच विषयावर आलेल्या इतर पत्रांसाठी येथेच दोन ओळी. हा अधिनियम राज्य शासकीय कर्मचाऱ्यांसाठी आहे. केंद्र सरकारच्या कर्मचाऱ्यांनी केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरणाकडे जायचे असते, आणि तेथे बहुधा धोरणांचीच भाषा चालत असल्याने अब्बास निकाल अधिक जाचतो. राष्ट्रीयीकृत बँकांतील अधिकाऱ्यांना उच्च न्यायालयाचे रिट अधिकारक्षेत्र आहे, पण अखिल भारतीय स्वरूपाची नोकरी स्वीकारताना बदलीची अट मान्य केलेली असते, हे १९९२ च्या बँक ऑफ इंडिया विरुद्ध जगजितसिंग मेहता निकालापासून त्यांना ऐकावे लागते. एसटी किंवा वीज कंपनीतील कामगार श्रेणीतल्या वाचकांनी मात्र महाराष्ट्राचा १९७१ चा अनुचित कामगार प्रथाविरोधी कायदा पाहावा. व्यवस्थापकीय धोरणाच्या नावाखाली दुष्ट हेतूने बदली करणे ही त्याच्या चौथ्या अनुसूचीत अनुचित प्रथा म्हणून गणलेली आहे, आणि तक्रार नव्वद दिवसांत औद्योगिक न्यायालयात करावी लागते.

भगिनी, पुन्हा तुमच्याकडे. न्यायाधिकरणाने आदेश रद्द केला, तरी शासनाला योग्य कारणे नोंदवून आणि योग्य पूर्वमान्यता घेऊन नवा आदेश काढण्यापासून सहसा रोखले जात नाही. तसा आदेश निघालाच तर त्यात लिहिलेली कारणे तुमच्या हाती येतील आणि त्यांची तपासणी नव्याने होईल. आणि पहिल्याच सुनावणीत स्थगिती नाकारली गेली, तर अर्ज मागे घेऊ नका. किनवटला रुजू व्हा, घरभाड्याच्या आणि प्रवासाच्या पावत्या सांभाळा, प्रकरण लवकर अंतिम सुनावणीस घेण्याची विनंती करा, आणि जानेवारीत बदलीपात्र कर्मचाऱ्यांची यादी तयार होऊ लागेल तेव्हा लातूरमधील रिक्त पदे नमूद करून विनंती बदलीचा स्वतंत्र अर्ज द्या. ९ एप्रिल २०१८ च्या शासन निर्णयाने आणलेली समुपदेशनाची पद्धत तुमच्या संवर्गाला लागू असेल तर पसंतीक्रमात तीच पदे भरा. अर्ज करताना प्रलंबित प्रकरणाचा क्रमांक त्यात लिहायला विसरू नका, म्हणजे विनंती अर्ज दिला म्हणून मूळ हरकत सोडली, असे कोणाला म्हणता येणार नाही.